निरंक

याचिका मागे घेण्याच्या कागदावर सही करता करता किशोरनं वकिलांच्या दारातल्या बाकांवरची माणसं मोजून टाकली. बारा. कुठंही गेला तरी तो मोजायचाच, आणि बारा भरले की पुन्हा पहिल्यापासून मोजायचा.

"सुटलात," योगिनी वकील म्हणाल्या. "शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, तुम्ही चार वर्षं चढलात. आजोबांपासून होडी चालते म्हणून परवाना नको, हे कोण ऐकणार? आता रीतसर परवाना मागू. मिळाला की होडी पाण्यात."

इगतपुरीकडच्या धरणावर ती होडी म्हणजेच किशोरचं पोट. ती उलटली, धरणाच्या साहेबांनी बंद केली, तेव्हापासून तो दुसऱ्यांच्या भातावर मजुरीला जाई. त्याची बायको तृप्ती शेजारीच बसली होती, मांडीवरची पिशवी उगाच थोपटत.

होडी उलटली तेव्हा तीही होडीत होती. बसवताना किशोरनं माणसं मोजली होती, बारा. मांडीवरचं लेकरू मोजायचं नाही, ही त्याच्या बापाची रीत. त्याला तिकीट नसतं, आणि लेकरं मोजली की दृष्ट लागते. पाण्यातून एकेकाला ओढून काढल्यावर त्यानं पुन्हा मोजलं. बारा भरले. "आले सगळे," म्हणून हा बाबा काठावर घाम पुसत बसला. तृप्ती शुद्धीवर येऊन पदराखाली चाचपायला लागली, तेव्हा कुठं त्याला कळलं. पंचनाम्यात मात्र होडी वाचावी म्हणून, आपली पोर काठावरून घसरली, असं त्यानंच सांगितलं. तेव्हापासून तृप्ती घरात फारसं बोलत नसे.

वकिलांनी परवान्याचा अर्ज पुढं ओढला.

"पूर्वीचा अपघात. होडीतले प्रवासी बारा, परत आलेले बारा. मृत, निरंक. बरोबर?"

"निरंक म्हंजी काय?" तृप्तीनं विचारलं.

"म्हणजे कुणी नाही."

"कुणीच नाय?"

पिशवीवरचा तिचा हात थांबला होता. किशोरनं एकदा तिकडं पाहिलं. दारातल्या बाकांवर आता एक बाई लेकराला पाजत बसली होती.

"तेरा लिवा, मॅडम," तो म्हणाला.

"अहो, पोलिसांना खोटं सांगितलं म्हणून उलटी केस होईल. परवाना तर विसराच."

"ठावं हाय. तेरा जण बसवले व्हते म्या."

वकिलांनी अर्ज पुन्हा जवळ ओढला. मग बारावर काट मारली.

"नाव?"

"हर्षाली."

"वय?"

किशोर बोटांवर महिने मोजायला लागला. त्याला स्वतःचीच लाज वाटली.

"दोन वर्सं, चार महिने," तृप्ती म्हणाली.

वकिलांनी लिहिलं, आणि लिहिलेलं हळू वाचून दाखवलं.

"गेले तेरा. आले बारा."

"हां," तृप्ती म्हणाली. "आता बराबर."