पडून राह्यला

मावला गावच्या नादशाळेत मी दोनदा नापास झाले, पण दोन्ही वेळा पेला फुटला नव्हता. हे आधीच सांगून ठेवते, कारण नापास म्हटलं की लोकांना वाटतं, काहीतरी फुटलंच असणार.

नादशाळेत आवाजानं वेळ हाताळायला शिकवत. पहिल्या वर्षी घंटेनं क्षण लांबवायचा, दुसऱ्या वर्षी मुसळाच्या ठेक्यानं तो थांबवायचा आणि तिसऱ्या वर्षी नुसत्या गळ्यानं मागे न्यायचा. परीक्षा एकच, तिन्ही वर्षं संपल्यावर. सर टेबलावरून काचेचा पेला ढकलत. पेला पडतोय, असं आपण खर्जात म्हणायचं, की तो अधांतरी थांबतो. मग बोलूनच त्याला टेबलावर परत पाठवायचं. तीनदा जमलं नाही तर नाव कटतं. जमलं, तर शाळेतच शिकवता येई; माझ्या तिसऱ्या खेपेच्या साली, एकोणऐंशीत, मराठी वर्गाच्या मास्तरणीची जागा रिकामी होती. दुसऱ्यांच्या शेतात राबणाऱ्या आमच्या माणसांपैकी तोवर कुणी त्या खुर्चीवर बसलं नव्हतं. मला ती खुर्ची हवी होती. हवी म्हणजे हवीच.

पहिल्या परीक्षेत मी म्हटलं, "पेला पडून राह्यला." आमच्या मुधोळकडे 'पडतोय' हे असंच म्हणतात. पेला थांबला, तो असा थांबला की पुस्तकातलं 'पडत होता' म्हटलं तरी परत जाईना. दुसऱ्या परीक्षेतला पेलाही त्याच्या शेजारी जाऊन लटकला. परीक्षेच्या खोलीत दोन पेले कमरेइतक्या उंचीवर तसेच राहिले, आणि झाडणारी बाई त्यांना वळसा घालून झाडायला शिकली.

आमचे परीक्षक पांडुरंगराव सर. मराठी इतकी शुद्ध की ऐकताना आपणच हात-पाय धुऊन यावं असं वाटे. ते म्हणाले, "पंचफुला, पडून राहिला म्हणजे लोळत पडला. पेला काय रजेवर आहे? 'पडत आहे' असं म्हण."

वर्ग हसला. मीही हसले, आणि आतून जळाले. शेजारच्या तेलुगू वर्गातली पोरं आपापल्या घरच्या बोलीत पेले थांबवत, परत ठेवत. त्यांना कुणी काही बोलत नसे.

तरी वर्षभर मी 'पडत आहे' घोकलं. लिहायला ती भाषा मला छान येते, आत्ताही तीच लिहिते आहे. पण ती माझ्या गळ्यात उतरेना. सरावाचे पेले थांबेचनात, खळकन फुटायचे.

उन्हाळ्याच्या सुट्टीत घरी आले आणि ओट्यावरून तांब्या ढकलून सराव सुरू केला. "तांब्या पडत आहे!" तांब्या ठणकन खाली.

आत पीठ मळणारी माझी माय, मनकर्णा, ओरडली, "काऊन आदळून राह्यली वं? कोनाची भाषा बोलून राह्यली तू?"

माझं डोकं फिरलं. तांब्या पुन्हा ढकलला आणि खच्चून म्हटलं, "तांब्या पडून राह्यला!" तो लटकला. माय पिठाच्या हातांनी बाहेर आली. तेवढ्यात शेजारच्या शकुबाईनं कुडापलीकडून विचारलं, "काय वाजलं वं मनकर्णा?"

"काई नाई वं," माय म्हणाली, "तांब्या पडून राह्यला होता."

तांब्या वर सरकला आणि ओट्यावर जाऊन बसला. मायनं तिकडे पाहिलंही नाही, ती पीठ मळायला आत गेली. काखेत कळसा आणि गावाला वळसा! आमच्याच बोलीतला एक 'होता' लावायचा, की चाललेली गोष्ट मागे जाते, आणि मी दोन वर्षं तो परक्या दारात शोधत होते. मला रडूच कोसळलं. मग डोळे पुसले आणि ठरवलं, आता नाव कटलं तरी चालेल, पण बोलीन ते हेच.

तिसरी परीक्षा. सरांनी पेला ढकलला. मी म्हटलं, "पेला पडून राह्यला." तो थांबला. सरांनी कपाळाला हात लावला. मी श्वास भरला आणि तिन्ही पेल्यांकडे बघून म्हटलं, "पेले पडून राह्यले होते." तिन्ही उठले आणि टेबलावर ओळीनं बसले.

सरांनी एकेक पेला उचलून पाहिला. मग निकालाची वही ओढून म्हणाले, "झालं खरं. पण ही भाषा अभ्यासक्रमात नाही." आणि माझ्या नावापुढे त्यांनी लिहिलं, 'ना'.

"सर," मी म्हटलं, "तुमचा हात लिहून राह्यला."

पेन 'ना'च्या पुढे हवेत थांबलं. सरांनी दुसऱ्या हातानं मनगट ओढलं, ते हलेना. "हात लिहीत आहे," ते म्हणाले. "हात लिहीत होता. सूट!" हात तिथंच. दारात पोरं जमली.

"सोडव, पंचफुला."

"मी नाई सोडवत, सर. तुमीच सोडवा. एकच वाक्य हाय."

त्यांनी पोरांकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. मग हळू आवाजात म्हणाले, "हात लिहून राहिला होता."

हात हलला नाही.

मी टेबलामागची मास्तरांची रिकामी खुर्ची ओढली आणि बसले.

"'राहिला' नाई, सर. 'राह्यला'. पुन्हा म्हना."