भरलेली बाकं

कॉलेज आमच्या गल्लीत आलं ते कुणाच्या कौतुकाने नाही. सरकारी कॉलेजची मोठी इमारत शहराबाहेर, बायपासच्या पलीकडे आहे. दिवसा काम करणाऱ्यांसाठी संध्याकाळचे वर्ग काढायचं ठरलं, तेव्हा शहरात दुसरी जागाच मिळेना. मग बंद पडलेल्या मोज्यांच्या कारखान्याचा वरचा मजला घेतला, बाकं आणून टाकली आणि खालच्या दारावर पाटी ठोकली. त्या दाराला लागूनच आमचं इस्त्रीचं दुकान. पाटी मला वाचता आली, कारण सूनबाईने तेव्हा मला नुकतीच अक्षरं शिकवली होती. गिऱ्हाइकांच्या गाठोड्यांवरची नावं कळावीत एवढ्यापुरतीच. पण डोळा एकदा उघडला की मिटून घेता येत नाही.

पहिल्याच वर्षी सूनबाईने नाव घातलं. मुलगा ट्रकवर असतो, कधीमधी घरी येतो. तो म्हणाला, "शिक की. आईला दुकान झेपत असेल तर शिक."

झेपतं म्हणाले. सासू नाही म्हणाली तर ती सासू, आणि हो म्हणाली तर ती गाढव. मी गाढव झाले. संध्याकाळ झाली की सूनबाई इस्त्री माझ्या हातात देऊन जिना चढायची, आणि उरलेले शर्ट मी उरकायचे. वरून सरांचा आवाज यायचा, खाली माझ्या इस्त्रीची वाफ. आता तिचं शेवटचं वर्ष होतं. पदवी मिळाली की इस्त्री सुटेल, असं ती कधी बोलली नाही. मीच मनात म्हणायचे. तिची सुटेल, आणि झालंच तर माझीही.

तपासणी येणार ही बातमी रेडिओने आणली. रेडिओ म्हणजे समोरची शेजारीण. तिचं खरं नाव तिच्या नवऱ्यालाही आठवत नसेल.

"मोजायला येतायत गं," ती म्हणाली. "शाळेच्या वेळी आले होते तसेच. पोरं कमी दिसली, शाळा गेली. दवाखान्यात आले, पेशंट कमी दिसले, दवाखाना गेला. आता तुझ्या सुनेचं कॉलेज."

खोटं नव्हतं ते. आमच्या गल्लीत सरकारी माणूस आला की मोजतो आणि काहीतरी उचलून नेतो. आणि वरच्या वर्गात निम्मी बाकं रोज रिकामीच असायची. कुणाची कामावरची पाळी सुटलेली नसायची, कुणी थकून घरी झोपलेलं असायचं.

कोपऱ्यावरचा पंक्चरवाला म्हणाला, "मग भरू की बाकं! माणसांना काय तोटा आहे?"

"आधी सरांना विचारते, तपासणार काय आहेत ते," सूनबाई म्हणाली.

"विचारू नकोस," रेडिओ म्हणाली. "विचारलं की संशय येतो."

सूनबाईने माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "राहू दे. सर बिचारे कंत्राटावरचे. त्यांना तरी कोण काय सांगतंय?"

तपासणीच्या संध्याकाळी सगळी गल्ली जिना चढली. टेलर गळ्यातली टेप काढायला विसरला. पंक्चरवाल्याने हात धुतले होते, पण नखं काळीच. रेडिओने पुढचं बाक धरलं. माझे गुडघे जिन्यावरच बोलायला लागले होते, म्हणून मी दाराजवळ बसले. सर आत आले, आम्हाला पाहून थांबले, घाम पुसला. मग फळ्याकडे वळले. बाजारात एखाद्या वस्तूचा भाव का चढतो आणि का उतरतो, हे त्या दिवशी शिकवलं. मला बऱ्यापैकी कळत होतं. आणखी थोडं ऐकायला मिळालं असतं तर बरं झालं असतं.

तेवढ्यात तपासणीच्या बाई आल्या. मागे एक माणूस, हातात छोटी हातोडी. तो भिंतीवर टकटक करत फिरला, कान लावून ऐकलं, मग मधोमध उभा राहून जमिनीवर टाच आपटली. बाकं हलली.

"हा कोण गं?" रेडिओ कुजबुजली. "प्रोफेसर की गवंडी?"

बाईंनी विचारलं, "रोज एवढे लोक असतात इथे?"

सरांनी तोंड उघडलं, पण टेलर आधीच उभा राहिला होता. "रोज, मॅडम! आज तर कमीच आहेत. दोघांना ताप आहे."

"आणि दाटीवाटीने बसतात?"

"एकमेकांच्या मांडीवर म्हणा ना!" पंक्चरवाला म्हणाला.

बाईंनी लिहून घेतलं. हातोडीवाल्याने मान हलवली. सूनबाईने डोळ्यांवर हात ठेवला. तिला आमच्याआधी कळलं होतं.

त्यांना माणसं मोजायचीच नव्हती. ती तपासणी होती इमारतीची. एवढं ओझं हा मजला पेलतो की नाही, एवढंच पाहायचं होतं. हात दाखवून अवलक्षण, ते असं. पुढच्याच आठवड्यात पाटी निघाली. वर्ग गेले बायपासच्या पलीकडे, मोठ्या इमारतीत. तिथून परतीची शेवटची बस वर्ग सुटण्याच्या बऱ्याच आधी निघते, आणि पुढचा रस्ता नुसता अंधार आणि कुत्री.

मी टेलरला घेऊन बाईंच्या कार्यालयात गेले. बाकावर खूप वेळ बसवलं. आत गेल्यावर मी म्हटलं, "मॅडम, आम्ही विद्यार्थी नव्हतोच. मी इस्त्रीवाली. हा टेलर. रोज एवढी माणसं नसतात हो. निम्मी बाकं रिकामी असतात."

बाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. त्याही दमलेल्या होत्या, दिवसभर माणसं ऐकून.

"आजी, हे मी लिहू?" त्या म्हणाल्या. "निम्मी बाकं रिकामी असतात, हे? मग वर्ग हलवणार नाहीत. बंदच करतील."

बाईंनी चष्मा परत चढवला. म्हणाल्या, "मी काहीच ऐकलं नाही. जा तुम्ही." आम्ही उठलो. पुढे टेलर एवढंच म्हणाला, "माझी जीभ कापून शिवायला हवी." मी म्हटलं, "शिवशील तूच, तीही वाकडी."

घरी आल्यावर सूनबाईला सगळं सांगितलं. ती रागावेल असं वाटलं होतं. ती शर्टाची कॉलर ओढून सरळ करत राहिली.

"सोडून देऊ का, आई?"

असं विचारलं की हो म्हणायला फार सोपं असतं. माझं मनगट सुजलेलं होतं, मुलगा घरी नव्हता, दारात गाठोड्यांचा ढीग होता. मी इस्त्री तिच्या हातातून काढून घेतली.

"दुपारच्याच बसने जात जा, नंतरची वेळेवर पोचत नाही," मी म्हटलं. "शेवटच्या बसने परत ये. मधे जेवढं मिळेल तेवढं घे."

"अर्धाच तास मिळेल."

"अर्धा तर अर्धा."

आता दुपारपासून दुकान माझ्याच गळ्यात आहे. तिथे वर्ग सुरू झाला की थोड्याच वेळाने निम्मी पोरं-पोरी दप्तरं उचलून बसकडे पळतात. सरांना ते दिसतं. म्हणून ते हल्ली महत्त्वाचं, म्हणजे धड्याचा शेवट, आधी सांगून टाकतात आणि बाकीचं मागे राहिलेल्यांना.

अंधार पडायला लागला की मी दुकानाला कुलूप लावून थांब्यावर जाते. बस येते, सूनबाई उतरते. माझ्या हातातली किल्ली ती घेते, तिची वही मी घेते. आमचं दोघींचं ओझं साधारण सारखंच.

"आज काय शिकवलं?" मी विचारते.

"शेवट शिकवला," ती म्हणते. "सुरुवात पुस्तकात वाचायची आहे."

"मग घरी वाच मोठ्याने. मीही ऐकते."

दोघी घराकडे चालायला लागतो. जिना नसलेलं घर आहे, तेवढं बरं.