देवीदासच्या नावाचा शॉर्टकट

अब्दुल रहीम यांचं अकोल्याच्या जुन्या शहरात गाद्या-रजयांचं दुकान होतं. पुढच्या खोलीत कापूस पिंजायचं यंत्र आणि मागं दोन खोल्यांचं घर. घरात बायको हलीमाबी आणि मुलगी उज्मा. उज्मा स्टेशनजवळच्या एका खाजगी वर्गात कॉम्प्युटर शिकवायची.

रहीमभाईंना एकच दोस्त होता, देवीदास. बार्शीटाकळीला त्याचं अडीच एकर वावर होतं आणि त्यात तो झेंडू, शेवंती लावायचा. पहाटेच्या गाडीनं फुलांचे भारे घेऊन तो अकोल्याच्या बाजारात यायचा. नऊपर्यंत माल गेला की रहीमभाईंच्या दुकानात येऊन बसायचा आणि अकराच्या गाडीपर्यंत दोघं कॅरम खेळायचे. बोलणं फारसं नसायचं. गिऱ्हाईक आलं तर देवीदासच भाव सांगायचा. हे असं सव्वीस वर्षं चाललं.

सतरा सालच्या रमजान ईदेनंतर आठवडाभरात रहीमभाईंना लकवा झाला. उजवा हात, उजवा पाय आणि बोलणं गेलं. समजायचं सगळं, पण तोंडातून एक 'आं' सोडला तर काही निघत नसे. अक्षरंही ओळखू येईनात. दुकानाच्या पाटीकडे ते पाहत राहायचे, जणू ती दुसऱ्याच कोणाची आहे. डॉक्टर म्हणाले, यांना रडू लवकर येईल, घाबरू नका, तो आजाराचाच भाग आहे.

त्याच वर्षी फुलं न्यायला टेम्पो थेट बार्शीटाकळीत येऊ लागला. देवीदासचं रोजचं येणं थांबलं. आठवड्यातून एकदा मुद्दाम यायचा. पहिल्यांदा आला तेव्हा त्यानं कॅरम मांडला, पण रहीमभाईंना खाली बसता येईना. पलंगावर बोर्ड ठेवला तर डाव्या हातानं स्ट्रायकर भलतीकडे जायचा. तिसऱ्या फटक्यानंतर त्यांनी बोर्ड हातानं ढकलून दिला. सोंगट्या पलंगाखाली गेल्या. देवीदासनं वाकून एकेक उचलली आणि डबीत भरली.

फोनवर बोलायचं तर इकडून उत्तर नाही. देवीदास एकदा उज्माला म्हणाला, "मी एकटाच बोलतो, बेटा, अन् तिकडं तो रडते. मले नाई पाह्यल्या जात."

उज्मानं मग एक खेळ शोधला. कॅरमच होता. इंटरनेटवर दोघांसाठी एक टेबल उघडायचं, एकानं मोबाइलवर खेळायचं, दुसऱ्यानं कॉम्प्युटरवर. बोटानं स्ट्रायकर मागं ओढून सोडला की झालं. डाव्या अंगठ्याला तेवढं जमत होतं. अडचण होती ती खेळापर्यंत पोचायची. अब्बा मोबाइल हातात घेत आणि कधी कॅमेरा उघडत, कधी भलत्याच माणसाला फोन लागे.

वर्गात नव्या मुलांना ती शॉर्टकट शिकवायची तेव्हा एक वाक्य ठरलेलं असायचं. पडद्यावर दिसतं ते चित्र म्हणजे ती वस्तू नाही, तिच्याकडे जायची वाट आहे. चित्र बदला, नाव बदला, चालतं. वाट कुठं जाते ते आत लिहिलेलं असतं.

एका रविवारी तिनं अब्बांच्या मोबाइलवरची सगळी चित्रं काढून टाकली. एकच ठेवलं, खाली डाव्या कोपऱ्यात, अंगठा टेकतो तिथं. त्याला देवीदासकाकांचा टोपीतला फोटो लावला आणि खाली नाव टाकलं, देवीदास. त्यावर बोट ठेवलं की थेट दोघांचं टेबल उघडायचं. मग ती बार्शीटाकळीला गेली. काकांचा मुलगा सागर यानं शिकताना घेतलेला जुना कॉम्प्युटर घरी होता. त्यावर तिनं तसाच शॉर्टकट केला आणि अब्बांचा फोटो लावला. काकांना माऊसचं बटण लागोपाठ दोनदा दाबणं जमेना.

"हे टकटक माह्यानं नाई होत."

तिनं एकदाच दाबलं की उघडेल असं करून दिलं.

तेव्हापासून रोज सकाळी दहाला खेळ सुरू व्हायचा. उज्मा तेव्हा वर्गावर असायची. घरी आली की अम्मी सांगायची, आज हसले, आज चहा स्वतः घेतला. कधी देवीदासकाकांचा फोन यायचा. "आज तुह्या बापानं राणीपायी मले लय रडवलं."

दिवाळीत झेंडूचा भाव पडला. काकांनी सांगितलं नाही, पण बाजारात रस्त्याच्या कडेला टाकलेले ढीग उज्मानं पाहिले होते. त्यावरून गाई फिरत होत्या. पुढं विहीर आटली. फेब्रुवारीत गारपीट झाली आणि उभी शेवंती चिखलात गेली. त्या आठवड्यात चार दिवस खेळ झाला नाही. पाचव्या दिवशी झाला.

मार्चअखेर काकांचा फोन आला.

"बेटा, वावर इकून टाकलं. सागर पुण्याकडं कंपनीत लागला, त्याच्यासंगं चाललो आमी. मीबी तिकडं गेटवरची नोकरी पाह्यली एक."

"काका, भेटून तरी जा."

"नाई बेटा. त्याच्याम्होरं उभा राहून काय सांगू? तू काही सांगू नोको त्याले. तिकडून खेयतो मी."

तिकडून खेळणं झालं नाही. कॉम्प्युटर गावातच कोणाला देऊन टाकला होता. काकांकडे साधा बटणांचा फोन होता, म्हणून उज्मानं सागरच्या मोबाइलवर टेबलाचा पत्ता पाठवला, पण सागर कामावर आणि काका गेटवर. बारा तासांची ड्युटी होती आणि मोबाइल खिशात ठेवायची मनाई.

अब्बा सकाळी दहाला कोपऱ्यातल्या फोटोवर अंगठा ठेवायचे. टेबल उघडायचं, सोंगट्या मांडलेल्या दिसायच्या, आणि समोरचा खेळाडू यायची वाट पाहणारं एक चक्र फिरत राहायचं. ते दोन-दोन तास तसे बसायचे. अम्मीनं भाकरी कुस्करून दिली तर तोंड फिरवायचे. मोबाइलचा पडदा काळा झाला की पुन्हा अंगठा. हे नऊ दिवस चाललं.

दहाव्या दिवशी सकाळी, अब्बा उठायच्या आधी, उज्मानं शॉर्टकट बदलला. त्याच खेळात मशीनबरोबर सराव करायचं एक टेबल होतं. समोरच्या खेळाडूला आपण हवं ते नाव देऊ शकत होतो. तिनं नाव लिहिलं, देवीदास. मशीन फार चांगलं खेळू नये असं ठेवलं. चित्र तेच, कोपरा तोच. पाच मिनिटांचं काम होतं.

संध्याकाळी अम्मी म्हणाली, "आज सहा डाव खेले. देवीदासभाई आ गए लगता है."

"हाँ," उज्मा म्हणाली.

पुढचे पंधरा दिवस अब्बा रोज खेळले. जेवू लागले. फक्त दुपारी नमाजानंतर ते रडायचे. आधीही कधीतरी रडायचेच आणि डॉक्टरांनी तसं सांगून ठेवलेलं होतं. त्यामुळे कोणी फार लक्ष दिलं नाही. एका शुक्रवारी त्यांनी खुणेनं अम्मीला शिरा करायला लावला आणि शेजारच्या मुलांना वाटायला लावला. अम्मीला वाटलं, तब्येत सुधारली म्हणून.

एप्रिल संपताना उज्मानं काकांना फोन केला. सुट्टीच्या दिवशी एक तरी डाव खेळा, अशी गळ घालायची होती. काका थकलेले वाटत होते.

"खेयीन बेटा, एक डाव. अन् त्याले सांग, पैला फटका मी रिकामाच मारीन, काळजी नोको करू."

"रिकामा म्हणजे?"

"तुले नाई माहीत? मी सदाचाच पैला फटका रिकामा मारतो. सोंगटीले लागूच देत नाई. त्याचं दुकान नवं होतं तवा मी पैल्याच फटक्यात तीन सोंगट्या घातल्या, अन् त्याच दिशी यंत्राचा पट्टा तुटला. तो म्हणे, तुह्या हाताले काहीतरी हाय. तवापासून पैला फटका रिकामा. तुह्या कॉम्प्युटरवरबी तसाच मारत जाय मी."

उज्मानं फोन ठेवला. त्या सरावाच्या टेबलावर मशीन पहिल्याच फटक्यात सगळ्या सोंगट्या फोडायचं. तिनं ते पाहिलं होतं. म्हणजे अब्बांना पहिल्या दिवशी, पहिल्या फटक्याला कळलं असणार. आणि तरी ते पंधरा दिवस खेळत होते. ती घरी आल्यावर रोज मोबाइल वर करून तिला दाखवत होते.

ती अब्बांच्या पलंगाशी बसली. अम्मी दारात लसूण सोलत होती.

"अब्बा, ये देवीदासकाका नहीं हैं. मैंने मशीन लगाया है."

अब्बांनी मान हलवली. माहीत आहे, अशी. मग त्यांनी मोबाइल पलंगावर उताणा ठेवला, फोटो वर. खांद्यावरचा पंचा डाव्या हातानं ओढला आणि हळूहळू, खालून वरपर्यंत, मोबाइलवर पांघरला. फोटो झाकला गेला तसा हात तिथंच ठेवला.

उज्माला काही कळलं नाही. अम्मीच्या हातातली लसणाची पाकळी खाली पडली.

"या अल्ला," ती म्हणाली. "ये उनको मरा समझे बैठे हैं, बेटा."

त्या दिवसांत बातम्यांत एकदिवसाआड जवळपासच्या एखाद्या गावाचं नाव यायचं. कोणी विष घेतलेलं, कोणी विहिरीत. गारपिटीनंतर एखादा फुलवाला महिनाभर गप्प झाला आणि मुलगी त्याच्याच फोटोमागं मशीन बसवते, यातून अब्बांनी जो अर्थ काढला तो त्या मुलखातल्या कोणीही काढला असता. मुलगी आपल्यापासून लपवते आहे तर तिला लपवू द्यावं, म्हणून ते रोज अंगठा टेकवत होते. गेलेल्या माणसाच्या नावानं गोड वाटतात, तो शुक्रवारचा शिरा देवीदासच्या नावाचा होता.

उज्मानं लगेच काकांना फोन लावला. तो उचलला गेला नाही. रात्रपाळीचा माणूस आल्यावर साडेआठला काकांनी परत केला. तिनं मोबाइल अब्बांच्या कानाशी धरला.

"रहीमभाई," काका म्हणाले. "मी हावो. पुण्यात हावो. सांगून नाई आलो, चुकलं माहं."

अब्बांनी डोळे मिटून घेतले. 'आं' असा एकदाच आवाज आला. काका तिकडून विचारत होते, आयकून राह्यला का, आयकून राह्यला का. शेवटी अब्बांनी मोबाइल बाजूला सारला आणि भिंतीकडे तोंड केलं.

ते पुन्हा खेळले नाहीत. उज्मानं खऱ्या टेबलाचा शॉर्टकट पुन्हा लावून दिला आणि मोबाइल समोर धरला. त्यांनी पाहिलं आणि तिच्या हातात परत दिला. ती दोनदा माफी मागायला बसली. दोन्ही वेळा त्यांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला. पण त्यानंतर ती काहीही सांगू लागली की ते आधी तिच्या चेहऱ्याकडे नीट पाहायचे, खरं बोलते आहे का ते बघायला. आधी असं कधी पाहत नव्हते.

जूनमध्ये वावराच्या राहिलेल्या कागदांवर सही करायला काका आले. बार्शीटाकळीचं काम आटोपून दुपारी घरी आले. वाळले होते. अंगावरचा निळा शर्ट सिक्युरिटीवाल्यांचा होता, खांद्यावरची पट्टी काढलेली. अब्बांनी त्यांना पलंगावर बसवून घेतलं आणि डाव्या हातानं त्यांचं तोंड चाचपलं. कपाळ, नाक, दाढीचे खुंट.

"असं कावून पाह्यतं?" काका हसायचा प्रयत्न करत म्हणाले.

उज्मानं त्यांना काही सांगितलं नव्हतं. चहाचे कप ठेवताना हलीमाबीनं सांगून टाकलं. पंचा पांघरल्याचंही.

काका कपाकडे पाहत राहिले. "तो काही लय चुकला नाई, भाभी," ते म्हणाले. "गारपीट झाली तवा दोन दिस मी वावरातच बसून होतो. तसा इचार येऊन गेला. फवाऱ्याच्या औषधाचा डबाबी हाती घेतला होता. मंग सागरची माय गंगू आली, म्हणे चाय झाला, चाला. मी उठून गेलो."

अब्बांनी त्यांची बाही मुठीत धरली होती. पाचच्या गाडीची वेळ होत आली तरी मूठ सुटली नाही. काकांनी एकेक बोट हळूच सोडवलं, मूल झोपल्यावर सोडवतात तसं, आणि चपला घातल्या.

उज्मा त्यांना रिक्षापर्यंत सोडायला गेली. सागरनं त्यांना नवा मोबाइल घेऊन दिला होता. ती म्हणाली, "द्या काका, यावर टेबल लावून देते. सुट्टीच्या दिशी खेळा."

"नोको बेटा," ते म्हणाले. "एकदा हे उघडलं तं मंग तिकडं गेटवर जीव नाई लागत, ड्युटी नाई होत."

रिक्षा गेली. ती परत आली तेव्हा अब्बा दाराकडे तोंड करून बसले होते. तिनं सांगितलं की काका नीट बसले, गाडी मिळेल. अब्बांनी तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं, बराच वेळ, आणि मग मान हलवली.