परेशची रताळी

दुखवट्याच्या घरात वर्षभर कढई चढत नाही. आमच्याकडे हे फार कडक. तळण, गोडधोड म्हणजे सण, आणि सण केला म्हणजे गेलेल्याला विसरलो, असं लोक म्हणणार. म्हणून महाशिवरात्रीच्या आदल्या दिवशी सासूबाई म्हणाल्या, "कीर्ती, परेश करायचा ती सफरचंद घातलेली रताळी करशील?" तेव्हा मी बघतच राहिले.

"आई, गोडाचं चालेल का आपल्याकडे?"

"ओव्हनला कुणी कढई म्हणतं का?" त्या म्हणाल्या. हयातभर शाळेत शिकवलंय त्यांनी, पळवाट बरोबर सापडते.

परेश माझा नवरा. वाणगाव रेल्वे स्टेशनात नोकरीला होता. दिवाळी सरली आणि ड्युटीवरच त्याचं हृदय बंद पडलं. तेव्हापासून मी शाळेत जाते, वह्या तपासते, भाजी आणते. रडत मात्र नाही. लोक म्हणतात, कीर्ती धीराची. धीर कसला डोंबलाचा! दात काढताना इंजेक्शन दिलं की गाल आपला राहत नाही ना, तशी मी आहे. आईंचं उलट. त्या रडायच्या आणि जेवायच्या नाहीत. दोन घास खाऊन ताट सारायच्या. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, असंच चाललं तर ॲडमिट करावं लागेल. त्यांनी स्वतःहून काही मागितलं होतं, ते एवढंच. मी पिशवी उचलली.

डहाणूच्या बाजारात तलासरीकडची गंगी रताळी घेऊन बसते. तिने मला ओळखलं.

"दादा नाय आला यंदा?"

"कामावर आहे," मी म्हणाले. खोटं बोलताना काहीच वाटलं नाही. तिने दोन रताळी वरून टाकली, दादासाठी.

परेश दर शिवरात्रीला ती डिश करायचा आणि तेवढा वेळ स्वयंपाकघरात कुणाला फिरकू द्यायचा नाही. जेवायला बसलो की आई पहिला घास घेऊन म्हणायच्या, "वा!" मग मीही वा म्हणायचे. तो असा फुगायचा की विचारू नका. कृती त्याने कधी सांगितली नाही, म्हणून मी मोबाइलवर शोधली. रताळी अर्धवट उकडून चकत्या केल्या. सफरचंदाच्या फोडी तुपात जरा परतल्या. दोन्हींचे थर लावले, वर गूळ, तूप, दालचिनी. दालचिनी उपवासाला चालते की नाही, यावर आईंनी थोडा विचार केला आणि चालते म्हणून टाकलं.

ओव्हनमधून घरभर वास सुटला. रताळी मऊ झाली होती, कडेला गुळाचा पाक धरला होता, सफरचंद जिभेवर विरघळत होतं. मी आईंना वाढलं आणि समोर बसले. त्यांनी एक घास घेतला. मग चमचा खाली ठेवला.

"छान झालंय गं," त्या म्हणाल्या आणि ताट सारलं.

"मग खा ना."

"हे परेशचं नाही. त्याचं सफरचंद कच्चं राहायचं. रताळंसुद्धा मधे टणक. दाताखाली नुसतं करकर."

"आणि तुम्ही दर वर्षी वा म्हणायचात?"

"तूही म्हणायचीस."

"तुम्ही म्हणायचात म्हणून! मला वाटायचं, ते तसंच असतं."

आईंना हसू फुटलं, त्यात रडूही मिसळलं. मी उठले, उरलेलं सफरचंद कापलं आणि कच्च्या फोडी त्यांच्या ताटात मिसळल्या. त्यांनी घास घेतला. करकर झालं. दुसरा घेतला. त्या खात राहिल्या. डोळे वाहत होते, पण हात थांबला नाही. ताट रिकामं झालं आणि त्यांनी पुढे केलं. "अजून वाढ."

मला इतकं बरं वाटलं की हे परेशला कधी एकदा सांगते असं झालं. अरे, तुझी रताळी कधी शिजलीच नाहीत, आणि आईंना ते पहिल्यापासून माहीत होतं! मी मोबाइल घेतला, त्याचं नाव काढलं, फोन लावला आणि कानाला धरला.

परेश गेला, हे मला तेव्हा कळलं.