पाचपैकी तीन

सकाळी अंथरुणातून पाय खाली टाकायच्या आधी फोनवर एक फॉर्म भरायचा, असा धावण्याच्या संघाचे कोच डेनिंग यांचा नियम होता. झोप, थकवा, दुखणं, मन. प्रत्येकाला पाचपैकी गुण; पाच म्हणजे काहीच तक्रार नाही. "खरं लिहा," हंगामाच्या पहिल्या दिवशी ते म्हणाले होते. "तुम्हाला विश्रांती कधी द्यायची, एवढंच मला यातून कळतं. निवडीशी याचा काडीचा संबंध नाही." संघातल्या अठराही मुलींनी माना डोलावल्या. विश्वास ठेवला तो फक्त टेस ग्रॅबोव्स्कीने.

विस्कॉन्सिनमधल्या त्या लहानशा कॉलेजात टेसचं हे शेवटचं वर्ष. विभागाच्या शर्यतीत प्रत्येक संघाच्या सातच जणी धावतात आणि तीन वर्षं ती आठवी नाहीतर नववी येत होती. यंदा मात्र ती सातांत बसत होती. सातव्या जागेसाठी तिच्याशी झुंजत होती मार्नी व्हिटकम, संघाची कॅप्टन आणि टेसचीच खोलीतली सोबतीण.

ऑक्टोबरात हजार मीटरच्या सहा फेऱ्या मारल्या आणि दुसऱ्या दिवशी टेसची नडगी ठणकायला लागली. तिने दुखण्यापुढे इमानदारीत तीन लिहिलं. कोचनी दोन दिवस तिचं धावणं बंद केलं आणि पायावर भार नको म्हणून कमरेला तरंगता पट्टा बांधून तिला पाण्याच्या टाकीत पळवलं. ठणका गेला. शनिवारच्या सरावात तिने मार्नीला आठ सेकंदांनी मागे टाकलं. फॉर्म किती कामाचा आहे, हे ती आठवडाभर ज्याला त्याला सांगत सुटली. पोरगी भोळीच.

मार्नीची गोष्ट वेगळी. तिची नडगी महिनाभर दुखत होती. ती जिना कठडा धरून तिरकी होत उतरायची आणि रोज संध्याकाळी बर्फाच्या बादलीत पाय घालून बसायची. तो बर्फ मेसमधून आणून द्यायची टेस, कारण कुणाला सांगायचं नाही असं दोघींचं ठरलं होतं.

शुक्रवारी कोचच्या दारावर विभागाच्या शर्यतीसाठी निवडलेल्यांची यादी लागली. सातवं नाव मार्नीचं होतं. टेसने यादी खालून वर पुन्हा वाचली आणि तशीच आत गेली.

कोचनी शांतपणे संगणक तिच्याकडे वळवला. संघात सगळ्यात कमी गुण तिचे होते. मार्नीचा आठ आठवड्यांत एकही दिवस पाचाखाली नव्हता.

"निवडीशी संबंध नाही, असं तुम्ही म्हणाला होतात."

"म्हणालो होतो," कोच म्हणाले. "पण ऐनवेळी कच खाणारी मुलगी मला नकोय."

टेसच्या अंगाची आग आग झाली. इतके दिवस जपलेलं गुपित तिच्या तोंडून निघून गेलं. मार्नीचा पाय, बर्फ, जिना, सगळं तिने सांगून टाकलं. सांगताना तिला स्वतःचीच शिसारी आली.

कोच जराही चकित झाले नाहीत. "माझे डोळे फुटलेत का, टेस? ती लंगडते ते मला दिसतं. पण ती पाच लिहिते. म्हणजे तिला धावायचंय."

खोलीत मार्नी बॅग भरत होती. तिने मान वर केली नाही. सगळ्याच जणी पाच लिहितात, पहिल्याच आठवड्यात आपण सगळ्यांना तसं बजावलं होतं, असं तिने बॅगेकडे बघतच सांगितलं.

"मला नाही बजावलंस," टेस म्हणाली.

"सातवी जागा एकच होती ना."

चार वर्षं एका खोलीत काढल्यावर हे एवढंच. टेसला रडू आलं, पण तिला मार्नीसमोर रडायचं नव्हतं.

"मी कोचना तुझ्या पायाचं सांगितलं," ती म्हणाली.

मार्नी मटकन पलंगावर बसली. "मग? नाव काढलं माझं?"

"नाही. त्यांना आधीपासून माहीत होतं."

आता ती सुटकेचा निःश्वास टाकेल, असं टेसला वाटलं. पण मार्नीचा चेहरा पांढरा पडला. तिने दोन्ही हातांनी नडगी धरली.

"माहीत होतं," ती म्हणाली, "आणि तरी महिनाभर मला पळवत राहिले?"