पिवळ्या बादलीची रांग

खरं सांगते, मी त्या रांगेत उभी नव्हते. हे मी आतापर्यंत गावातल्या चाळीस जणांना सांगितलंय, आणि चाळीसच्या चाळीस जणांनी मान हलवून "हो, हो" म्हटलंय. म्हणजे एकाचाही विश्वास बसलेला नाही. बसणार कसा? पेपरात फोटोच आला ना! पहिल्या पानावर. हातात पिवळी बादली, तोंड उघडं, आणि खाली छापलेलं: हिल्का पुरानेन, लेहतोवारा, नव्या कोतिवाक्काची पहिली ग्राहक.

मी! जिचं स्वतःचं घरसामानाचं दुकान त्याच रस्त्यावर तीनशे पावलांवर आहे, ती मी.

आता पहिल्यापासून सांगते, नाहीतर माझाच गोंधळ होईल. कोतिवाक्का ही दुकानांची साखळी निघाली तिकडे पश्चिमेला, समुद्राच्या बाजूला, एका बंद पडलेल्या डेअरीत. ते ऐकून आम्ही पोट धरून हसलो होतो. मेणबत्त्या, पायपुसणी, लोकरीचे मोजे, कुत्र्याचं खाणं आणि कॉफीची भांडी, सगळं एका छपराखाली! माझा नवरा तैस्तो म्हणाला, "हे दुकान आहे की जत्रा? दोन हिवाळे काढले तर माझं नाव बदला." दोन हिवाळे गेले आणि त्यांची दहा दुकानं झाली. मग ओउलूला एक झालं, मग कायानीला, मग ईसाल्मीला. दरवर्षी ते थोडं थोडं आमच्याकडे सरकत होतं. पन्नास झाली, नव्वद झाली, शेजारच्या स्वीडनमध्येसुद्धा उघडली. तैस्तोने स्वतःचं नाव काही बदललं नाही, पण कोतिवाक्काचं नाव घेणं मात्र सोडलं. "ते लोक" म्हणायचा.

आम्हाला माल पोचवणारा माणूस आधी दर आठवड्याला यायचा. मग महिन्याने यायला लागला, मग नुसता फोन करायला लागला, आणि मग फोनही बंद झाला. गेल्या वर्षी जुन्या बस डेपोच्या जागेवर पिवळे पत्रे चढायला लागले. एकशे बारावं दुकान, आणि तेही आमच्या लेहतोवाऱ्यात.

एवढ्यावर भागलं असतं तरी मी झोपले असते. पण त्या दुकानाची मुख्य म्हणून कोण यावं? तर मेर्वि. ही मेर्वि शाळेत असताना तीन उन्हाळे आमच्याकडे कामाला होती. खिळे कसे तोलायचे, सौनाचं, म्हणजे वाफेच्या न्हाणीतलं, ओगराळं कुठलं टिकतं आणि कुठलं पहिल्याच हिवाळ्यात तडकतं, गिऱ्हाइकाशी कधी बोलायचं आणि कधी त्याला त्याच्या वाटेने सोडायचं, हे सगळं तिला मी शिकवलं. आता तिचीच मुलगी शाळेत जाते. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात ती आली आणि माझ्या काउंटरवर कोपरं टेकून उभी राहिली, पूर्वी उभी राहायची तश्शी.

"हिल्का, माझ्याकडे ये. घरसामानाचा अख्खा विभाग तुझा."

"आणि हे दुकान?"

"ते तुम्ही दोघं ठरवा. सत्तावीसला, गुरुवारी, उद्घाटन आहे. तोवर सांग. शुक्रवारी मला ती जागा दुसऱ्या कुणाला तरी द्यावीच लागेल."

तैस्तो मागच्या खोलीत होता. त्याने सगळं ऐकलं, हे मला नक्की ठाऊक आहे, कारण त्याने रेडिओ बंद केला होता. मेर्वि गेल्यावर बाहेर आला आणि म्हणाला, "कॉफी आहे का?"

मी कॉफी दिली. वेलदोड्याचा पाव दिला. तीन आठवडे त्या विषयावर आमच्यात एक अक्षर निघालं नाही. आमच्याकडे नवराबायको असंच बोलतात, म्हणजे बोलत नाहीत.

आता माझ्या मनात काय होतं ते ऐका. दुकान तैस्तोच्या बापाचं. बाप बारा वर्षांपूर्वी गेला. दुकान म्हणजे तैस्तोचा जीव की प्राण, हे मला लग्नापासून माहीत. मी उठून पिवळ्या झग्यात पलीकडे जाऊन उभी राहिले, तर हा माणूस इथे एकटा बसून काय करणार? भिंतीशी बोलणार? म्हणून मी ठरवलं, मेर्विला ‘नाही’ म्हणून सांगायचं. रात्री झोपताना ठरवायचे, सकाळी उठले की पुन्हा सगळं धूसर. पुन्हा ठरवायचे. असं करता करता गुरुवार उजाडला.

फोनवर नाही म्हणायला मला जमत नाही. समोरासमोर सांगावं म्हणून पावणेसहाला कोट चढवला. तैस्तो अंथरुणातून म्हणाला, "कुठे?"

"औषधाच्या दुकानात," मी म्हटलं आणि निघाले.

कोतिवाक्काचं दार बंद होतं. काचेतून मेर्वि दिसली. दोन्ही हातांत खोकी, तोंडात टेप. तिने मला पाहिलं आणि हनुवटीने खूण केली, थांब, आलेच. मी थांबले. दारासमोर, सरळ. दुसरीकडे कुठे थांबणार?

पाच मिनिटांनी माझ्यामागे कुणीतरी आलं. वळून पाहिलं तर इल्मारी, आमचा रिटायर झालेला पोस्टमन. बरोबर दोन हात अंतर सोडून उभा, जसं सोडायचं असतं तसं. मला पाहून त्याने टोपीला हात लावला. मीही मान हलवली. मग त्याच्यामागे एक बाई आली. तिच्यामागे एक जोडपं आलं, घडीच्या खुर्च्या आणि थर्मास घेऊन. आणि मग माझ्या डोक्यात प्रकाश पडला. बादली! पहिल्या तीनशे गिऱ्हाइकांना बादली फुकट!

आमच्या लोकांना कुणी घर फुकट दिलं तर ते संशयाने चार दिवस विचार करतील. पण बादली फुकट म्हटलं की चाळीस किलोमीटरवरून गाडी हाणत येतील आणि तीन तास थंडीत उभे राहतील. घरात सात बादल्या असल्या तरी येतील.

आता तुम्ही म्हणाल, मग बाजूला व्हायचं होतं. कशी होणार? कुणी विचारलं असतं तर मी तिथल्या तिथे सांगितलं असतं, की बाबांनो, माझं काम वेगळं आहे. पण आमच्याकडे रांगेत कुणी कुणाला काही विचारत नाही. आणि कुणी विचारलेलं नसताना मी आपणहून ओरडू का, "मी रांगेत नाही हो!"? लोक म्हणाले असते, धंदा बुडाला आणि हिचं डोकंही फिरलं. शिवाय मेर्वि अजून येणार होती ना. सहाचे साडेसहा झाले. ती एकदा काचेपाशी आली, लांबलेली रांग पाहून तिने दोन्ही हात गालांवर ठेवले, आणि पुन्हा आत पळाली. सात वाजले. आता निघायचं म्हणजे अख्ख्या गावासमोरून चालत जायचं. मी पायाकडे बघत उभी राहिले.

किती वेळ पायाकडे बघणार? मग काचेतून आत बघायला लागले. आणि काय दिसलं! कॉफीच्या भांड्यांना खेटून कुत्र्याच्या खाण्याची पोती. कुठल्या गाढवाने लावलं होतं कोण जाणे! कॉफी घ्यायला आलेल्या माणसाच्या नाकात तो वास जाणार नाही का? मी मनातल्या मनात पोती उचलून मागच्या भिंतीला नेली. भांडी टेबलपोशांजवळ आणली. मेणबत्त्या खाली, मुलांच्या हाताला येणार नाहीत अशा... नाही, खाली नाही, वर. आठ वाजेपर्यंत दुकानाची अर्धी बाजू माझी लावून झाली होती आणि मला छान ऊब आली होती. चक्क बरं वाटत होतं. नकार द्यायला आलेल्या बाईला बरं का वाटावं, हे मला कळेना. मी मागे वळून पाहिलं तर रांग चर्चच्या कोपऱ्यावरून वळून दिसेनाशी झालेली.

नऊला दार उघडलं. एकदम उजेड, बँडचा आवाज, पेपरचा फोटोवाला. मेर्विने माझ्या हातात पिवळी बादली दिली आणि मला मिठीच मारली. "हिल्का! तू पहिली!" मी "नाही" म्हणायला तोंड उघडलं. फोटोत जे उघडं तोंड आहे ना, ते हे. पण मागून तीनशे माणसं हळूहळू पुढे सरकत होती, इल्मारीची छाती माझ्या पाठीला लागायच्या बेतात होती, आणि मी म्हटलं, "आभारी आहे." पुढच्या मिनिटाला मी दुसऱ्या दाराने बाहेर, बादलीसकट.

घाईघाईने दुकानाशी आले तर दार बंद. पाटी लटकवलेली: येतोच. गुरुवारी सव्वानऊला आमचं दुकान बंद! बाप गेला त्या दिवशीसुद्धा दुपारी उघडलं होतं. किल्लीने उघडून आत गेले, वरच्या माळ्यापर्यंत हाका मारल्या. कुणी नाही. काउंटरमागे बसून राहिले. साडेदहाला घंटी वाजली आणि तैस्तो आत आला.

हातात पिवळी बादली.

"तू?" मी म्हटलं.

"मी."

"बादलीसाठी गेलास? तू? त्या लोकांकडे?"

"बादलीला काय जाळायचंय? तुला शोधायला गेलो होतो. पावणेसहाला औषधाचं दुकान उघडतं होय गं?"

हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मी म्हटलं, "मग दिसले नाही का मी?"

"दिसलीस ना. एकदम पुढे."

"मग हाक मारायची!"

"एवढ्या लोकांत?"

"मग पुढे यायचं माझ्यापाशी!"

मी त्याला बँक लुटायला सांगतेय असं त्याने माझ्याकडे पाहिलं. "रांग मोडून? मध्ये दोनशे चौदा माणसं होती, हिल्का. मी मोजली."

म्हणजे हा माणूस स्वतःच्या बायकोशी बोलायला रांगेच्या शेवटी जाऊन उभा राहिला होता. अडीच तास. दुखऱ्या गुडघ्यांवर.

"बरं, मग?"

"मग माझा नंबर आला. तू तर निघून गेलेली. मेर्वि होती दारात. तिला सांगून टाकलं."

"काय सांगितलंस?"

"तू सोमवारपासून येतेस म्हणून."

माझा असा संताप झाला! "तुला विचारलं कुणी?"

"विचारायचं काय त्यात? डोळ्यांनी दिसत होतं. सहापासून बाई सगळ्यांत पुढे उभी. काचेला नाक लावून. म्हटलं, हिला एवढं हवंय आणि फक्त माझ्यामुळे गप्प आहे."

"अरे मी ‘नाही’ म्हणायला गेले होते!"

तैस्तोने बादली या हातातून त्या हातात घेतली. म्हणाला, "मग तीन तास पहिली का उभी होतीस?"

"इल्मारी मागे येऊन उभा राहिला!"

हे अगदी खरं होतं, पण मोठ्याने म्हटल्यावर मलाच ते वेडगळ वाटलं. तैस्तो खिळ्यांच्या खोक्यावर बसला. "‘नाही’ का म्हणणार होतीस?"

"तुझ्यासाठी. दुकान म्हणजे तुझा जीव."

"माझा?" तो म्हणाला. "मला वाटायचं तुझा."

"माझा कशाला? तुझ्या बापाचं दुकान!"

"बाप गेला तेव्हा तूच म्हणालीस, चालू ठेवू या."

"मी म्हटलं कारण तू काही बोलत नव्हतास."

"मी बोलत नव्हतो," तैस्तो म्हणाला, "कारण माझा बाप गेला होता."

आणि मग खाली बघत, बादलीच्या कडीशी चाळा करत, त्याने सांगितलं. त्याला तेव्हाच दुकान विकायचं होतं. तळ्याकाठच्या झोपडीत राहायचं, जाळं टाकायचं, माशांना धुरी द्यायची. पण बायकोला दुकान हवंय म्हटल्यावर काय करणार? रोज सकाळी माझ्यासाठी तो शटर उघडत होता. आणि मी त्याच्यासाठी काउंटर पुसत होते.

"बारा वर्षं, तैस्तो!" मी म्हटलं, आणि मला रडूच फुटलं. दुकानाचं नाही, त्या बारा वर्षांचं. एकदा, फक्त एकदा कुणीतरी विचारायचं होतं. तो उठला, माझ्याजवळ आला आणि काय करावं न सुचून त्याने माझ्यासमोर स्वतःची बादली ठेवली.

तेवढ्यात फोन वाजला. मेर्वि. मागे बँडचा गोंगाट. "हिल्का, तैस्तो म्हणतो तू येतेस. खरं आहे का? तू तर नुसतं तोंड उघडलंस आणि गेलीस. मी काय समजू?"

मी फोन तैस्तोपुढे धरला. त्याने हात मागे घेतले. "तू बोल. मी आजच्यापुरतं पुष्कळ बोललो." मग हळूच, "तुला काय हवंय ते सांग."

इतकी वर्षं मी त्या काउंटरमागून येणाऱ्या प्रत्येकाला हेच विचारत आले. मला कुणी विचारलं नव्हतं. मी नाक पुसलं.

"येते सोमवारी," मी मेर्विला म्हटलं. "पण ती कुत्र्याच्या खाण्याची पोती कॉफीच्या भांड्यांपासून आजच्या आज हलव. मला झोप लागणार नाही."

ऑक्टोबरात आम्ही पाटी उतरवली. तैस्तो तळ्यावर असतो, पिवळ्या बादलीत मासे आणतो. कोतिवाक्काची आता एकशे तीस दुकानं झालीत, नवं कुठे निघालं की भांड्यांची मांडणी लावायला मलाच बोलावतात. मी सुखात आहे, खोटं का बोलू? पण कपाटं लावता लावता मध्येच हात थांबतो. त्याला ते दुकान नको होतं. मलाही नको होतं. मग बारा वर्षं ते आम्ही चालवलं कुणासाठी?