टमाटरच्या कॅरेटचे दोन तळ

पीयूषच्या मोबाइलवर जपानमधली एक इवलीशी गाडी गोल गोल घसरत होती. इंजिन सहाशे साठ सीसीचं, नंबरप्लेट पिवळी, चालवणारी पन्नाशीची बाई. पीयूष माझा चुलतभाऊ. हिंगणीच्या शेतात मेथीच्या जुड्या बांधता बांधता तो दिवसभर हेच बघतो. घाटात गाड्या तिरक्या घालणारी जपानी कार्टूनं, गाड्यांचे गेम, सगळं.

“उज्वलाताई, आपली गाडी बी जपानी डिझाइनचीच हाय न? तीन सिलिंडर, आठशे सीसी. मंग हे काऊन नाई घसरत?”

“आपल्या गाडीत इंजिनचा जोर पुढच्या चाकांना जातो. मागची घसरवायची तर त्यांच्याखालचं घर्षण कमी पाहिजे. काही लोक मागच्या चाकांखाली प्लास्टिकचे ट्रे घालतात आणि हॅन्डब्रेक ओढून ठेवतात.”

भौतिकशास्त्रात एम.एस्सी. झालेल्या माणसाने एवढं सांगून थांबावं. पण पीयूषने टमाटर भरायच्या दोन प्लास्टिकच्या कॅरेटचे तळ कापून आणले, आणि ते किती घसरतात हे मोजायचा मोह मला आवरला नाही. तळावर खताचं पोतं ठेवून मी ते ताणकाट्याने ओढलं. घर्षणाचा आकडा आला शून्य पूर्णांक दोन. टायरचा याच्या तिप्पट तरी असतो. काँक्रीटचं खळं वीस मीटर लांब होतं. पूर्वेच्या कडेला विहीर, कठडा नसलेली. पण आमचा गोल पश्चिमेच्या अर्ध्या भागातच बसत होता. वहीत मी तसं काढूनही दाखवलं. तळ मागच्या चाकांखाली घालून, हॅन्डब्रेक ओढून पीयूष चालवायला बसला; पुढे वजन हवं म्हणून मी त्याच्या शेजारी बसले.

पहिला गोल वहीप्रमाणे झाला.

“पाह्य ताई, नाचून राह्यली!” पीयूष ओरडला. मीही हसले. त्याने ॲक्सिलरेटर दाबला आणि दुसरा गोल रुंद झाला.

पुढचं काँक्रीट काळं दिसलं. ओलं. पीयूषची आई, कुसुमकाकू, मेथी धुऊन गेली होती. ती रोज तिथेच धुते, हे मला लहानपणापासून माहीत आहे. मी घर्षण कोरड्यावर मोजलं होतं.

स्टीअरिंग पूर्ण वळलेलं, गाडी मात्र सरळ चाललेली. काचेत खळ्याची कड आली, मग विहिरीवरची कप्पी, मग तिच्याखालचं अंधारं तोंड. पीयूषने ब्रेक पूर्ण दाबला होता. काही आवाज नव्हता. टायर किंचाळले असते तर मला धीर आला असता.

“सोड!” मी ओरडले. “सोड, सोड!”

मला हॅन्डब्रेक म्हणायचं होतं. त्याने स्टीअरिंग सोडलं, ब्रेकवरचा पायही काढला, आणि दोन्ही हात वर धरून माझ्याकडे बघत राहिला. मी हॅन्डब्रेकचं बटण दाबून तो खाली पाडला. मागून दोन झटके बसले. मागची चाकं कॅरेटवरून उतरली होती. ती अजून कोरड्यावर होती. मी दोन्ही हातांनी हॅन्डब्रेक पुन्हा वर ओढला.

आता टायर किंचाळले. पट्टा छातीत रुतला. इंजिन बंद पडलं.

बॉनेटच्या पुढे जमीन दिसत नव्हती.

तेवढ्यात पायाखालून खरखर आली. सुटलेला एक तळ अजून घसरतच होता. तो गाडीच्या पोटाखालून पुढे सरकला आणि कडेवरून गेला. दगड टाकून, आकडे मोजून विहिरीची खोली काढायची मला सवय आहे. त्या वेळी एकही आकडा आठवला नाही. बऱ्याच वेळाने पाणी वाजलं.

“ताई,” पीयूष कुजबुजला, “उतरू का?”

“हलू नको.”

“पीयूष!” झोपडीकडून काकूची हाक आली. “माहे दोन कॅरेट कुठी गेले बे?”

तिच्या चपलांचा आवाज जवळ आला आणि मध्येच थांबला. मग ती पळत आली. आधी तिने पीयूषला दंड धरून हळूच बाहेर ओढलं, मग वळसा घालून माझं दार उघडलं.

“ये माय, बाहीर ये.”

माझे दोन्ही हात हॅन्डब्रेकवर होते. ओढल्यावर तो जागीच अडकून राहतो, धरून ठेवायची गरज नसते, हे मला ठाऊक होतं.

“सोड न आता थे,” काकू म्हणाली.

माझी बोटं उघडेनात. शेवटी तिने ती एकेक करून सोडवली.